बोटांची लिपी, डोळसांचा हट्ट

पॅरिसच्या पँथिऑनमध्ये फ्रान्सने आपली मोठी माणसं जपून ठेवली आहेत. व्होल्टेअर आणि रूसो तिथे आहेत, व्हिक्टर ह्यूगो आणि एमिल झोला एकाच दालनात आहेत, १९९५ पासून मारी आणि पिएर क्युरी आहेत. २२ जून १९५२ रोजी तिथे एका खोगीर करणाऱ्याच्या मुलाची शवपेटी नेण्यात आली. त्याला मरून शंभर वर्षं झाली होती. पेटीमागून चालणाऱ्यांत हेलन केलर होत्या. तो मुलगा लुई ब्रेल. पण पँथिऑनला तो पुरता गेलेला नाही. त्याच्या गावाने, कूव्रेने, देह देशाला दिला आणि हात ठेवून घेतले. त्या हातांची हाडं एका कलशात घालून गावच्या दफनभूमीत, त्याच्या मूळ थडग्यावरच राहिली.

गावाचा हा हट्ट मला फार पटतो. कारण त्या माणसाने जे काही केलं ते त्या हातांनी केलं, आणि ते करताना आजूबाजूच्या बहुतेक शहाण्या डोळस माणसांचं म्हणणं असं होतं की हे करू नये.

ब्रेलची गोष्ट आपण सगळ्यांनी लहानपणी कधी ना कधी वाचलेली असते. तीन वर्षांचा मुलगा, वडिलांचं हत्यार, गेलेले डोळे, पंधराव्या वर्षी सहा टिंबांची लिपी. धडा तिथे संपतो आणि आपल्याला वाटतं की लिपी तयार झाली, जगाने टाळ्या वाजवल्या, अंधांना वाचता येऊ लागलं. खरी गोष्ट त्यानंतरच्या तीस वर्षांत आहे. ती धड्यात येत नाही, कारण त्यात खलनायक नाहीत. आहेत ती अंधांवर मनापासून माया करणारी, त्यांच्यासाठी झिजणारी डोळस माणसं. आणि तीच आड येतात.

कूव्रे हे पॅरिसच्या पूर्वेला चाळीसेक किलोमीटरवरचं खेडं. सिमों-रने ब्रेल तिथे घोड्यांचे साज, खोगीर, लगाम करायचा. ४ जानेवारी १८०९ ला लुई जन्मला, घरातलं शेंडेफळ. वडिलांच्या कामाच्या खोलीत खेळताना चामड्यावर आरी की सुरी, नेमकं काय चालवत होता याबद्दल चरित्रकारांचं एकमत नाही. हत्यार निसटलं आणि एका डोळ्यात गेलं. जखम चिघळली, संसर्ग दुसऱ्या डोळ्यात उतरला, पाचव्या वर्षापर्यंत दोन्ही डोळे गेले. ज्या टोकाने डोळे गेले तसल्याच टोकाने पुढे लिपी लिहिली, या योगायोगावर लिहिणारे फार रमतात. मला त्याच खोलीतली दुसरी गोष्ट जास्त मोलाची वाटते. सिमों-रनेने लाकडी फळ्यांवर खिळे ठोकून अक्षरांचे आकार केले आणि पोराला ते हाताने चाचपायला लावले, असं सांगतात. शिकलेला मनुष्य नव्हे, गावातला कारागीर. पोराला भीक मागायला बसवायचं नाही, एवढं त्याने ठरवलं होतं. गावच्या पाद्र्याने, आबे पाल्युईने, मुलाला हाताशी धरलं, शाळामास्तरने डोळस पोरांच्या वर्गात बसवून घेतलं. तिथे तो नुसतं ऐकून पुढे राहिला. मग गावच्या उमरावाची ओळख लावून, अर्जविनंत्या करून, फेब्रुवारी १८१९ मध्ये दहा वर्षांच्या लुईला पॅरिसच्या अंधशाळेत पाठवलं.

ही शाळा काढली होती व्हालेन्तिन आउईने. त्याचं नाव मी आदराने घेते, कारण त्याच्या आधी अंधांना शाळेत घालावं हेच कुणाच्या डोक्यात नव्हतं. १७७१ साली पॅरिसच्या एका जत्रेत त्याने एक तमाशा पाहिला. अंधांच्या आश्रमातली काही माणसं मंचावर बसवलेली, डोक्यावर विदूषकाच्या टोप्या, डोळ्यांवर पुठ्ठ्याचे भलेमोठे चष्मे, समोर उलट्या ठेवलेल्या स्वरलिप्या, हातातल्या वाद्यांवर बेसूर खरखर, आणि लोक हसून लोळताहेत. आउईला ते सहन झालं नाही. पुढे १७८४ मध्ये एका चर्चच्या दारात भीक मागणारा अंध तरुण त्याला भेटला, फ्रान्स्वा लेझुअर. भिकेत जेवढं मिळतं तेवढं मी देतो, तू शिकायला ये, असं सांगून आउईने त्याला घरी आणलं. कागदावर उठावदार छापलेली अक्षरं चाचपून लेझुअर वाचायला शिकला आणि त्यातून शाळा उभी राहिली.

आउईचं तत्त्व एका वाक्यात सांगता येतं: अंधांना डोळसांचीच अक्षरं शिकवायची. जी अक्षरं आपण वाचतो तीच त्यांनीही वाचावीत, म्हणजे ते आपल्यापासून तुटणार नाहीत. ऐकायला किती उदार वाटतं! जत्रेतल्या त्या तमाशानंतर आलेला विचार आहे हा, त्यामागची कळकळ शंभर टक्के खरी. पण त्या अक्षरांची पुस्तकं कशी होती? ओल्या जाड कागदावर अक्षरांचे आकार दाबून एकेक पान उठवायचं, दोन पानं पाठीला पाठ चिकटवायची. अक्षर बोटाला कळावं म्हणून भलंमोठं काढायचं. एकेक पुस्तक उचलताना लहान मुलाचा हात भरून यायचा. शाळेत अशी पुस्तकं बोटांवर मोजण्याइतकी होती. वाचणाऱ्याला प्रत्येक अक्षराच्या कडेकडेने बोट फिरवून आकार जुळवावा लागे, आणि वाक्य संपेपर्यंत त्याची सुरुवात विसरायला होई. लिहिण्याची सोय तर जवळजवळ नव्हतीच.

हे मी नुसतं वाचलं असतं तर मला कळलं नसतं. मला ते एका ताईने शिकवलं.

मी नववीत असताना आमच्या भागातल्या एका अंध मुलीची दहावीची लेखनिक होते. लेखनिक खालच्या इयत्तेतला असावा लागतो, म्हणून मी. पेपरच्या आधी सराव करायला मी तिच्या घरी जायची. तिच्या वह्या म्हणजे जाड तपकिरी कागदांचे गठ्ठे. एकदा मी विचारलं, मला शिकवशील का वाचायला? तिने माझं उजव्या हाताचं बोट धरलं आणि ओळीवर ठेवलं. मी जोर लावून चाचपायला लागले. ती म्हणाली, "दाबू नकोस गं, दाबलंस की काहीच कळत नाही. नुसतं सरकव." मग तिने स्वतः वाचून दाखवलं. उजव्या हाताचं बोट ओळीवरून जातंय, जवळजवळ कागदाला न लागल्यासारखं, आणि ओळ संपायच्या आत डावा हात पुढच्या ओळीच्या सुरुवातीला जाऊन थांबलेला. बोट कुठेही वर-खाली होत नव्हतं, कुठलाही आकार गिरवत नव्हतं. एका अक्षरावर एक स्पर्श, पुढे. मी डोळे मिटून तोच प्रयत्न केला तेव्हा मला सगळं पान खरखरीत लागलं, बाकी काही नाही.

बोटाला रेघ नीट कळत नाही, टिंब कळतं. एका टिंबापासून दुसरं टिंब जेमतेम अडीच मिलिमीटरवर असलं तरी ती दोन आहेत हे बोटाच्या टोकाला समजतं. मात्र एका वेळी जेवढं बोटाखाली मावतं तेवढंच. डोळसांच्या अक्षरांत तिरप्या रेघा, गोलाया, शेपट्या आहेत, कारण ती डोळ्यासाठी आणि लेखणीसाठी घडलेली आहेत. हे आउईला जाणवलं नाही, कारण तो स्वतः ती अक्षरं डोळ्यांनी वाचत होता.

टिंबांची कल्पना आली ती बाहेरून. शार्ल बार्बिए नावाचा तोफखान्यातला माजी अधिकारी १८२१ साली आपली लिपी घेऊन शाळेत आला. सैनिकांना रात्री दिवा न लावता निरोप वाचता यावेत म्हणून नेपोलियनने ती मागवली होती, ही गोष्ट सगळीकडे सांगतात. अलीकडे ज्यांनी जुनी कागदपत्रं नीट चाळली त्यांना तसा आधार सापडलेला नाही. बार्बिएला ओढ होती ती ज्यांना शाळा मिळत नाही अशांना लिहितं करण्याची, आणि त्यात त्याने अंधांनाही धरलं होतं. त्याच्या पद्धतीत फ्रेंचमधले ३६ ध्वनी सहा ओळी आणि सहा रकान्यांच्या तक्त्यात मांडलेले होते. डाव्या उभ्या रांगेतली टिंबं मोजून तक्त्यातली ओळ कळायची, उजव्या रांगेतली मोजून त्या ओळीतली जागा. म्हणजे एका खुणेत बारापर्यंत टिंबं. बोट वर-खाली फिरवून मोजावं लागे. शिवाय ती उच्चाराची लिपी, तिच्यात शुद्धलेखन नव्हतं, विरामचिन्हं नव्हती, आकडे नव्हते, संगीत नव्हतं. तरीही मुलं तिच्यावर तुटून पडली. कारण आयुष्यात पहिल्यांदा त्यांना लिहिता येत होतं, आणि आपलं लिहिलेलं आपणच परत वाचता येत होतं.

लुई तेव्हा बारा वर्षांचा होता. पुढची तीन वर्षं त्याने त्या टिंबांचा पिच्छा पुरवला. शाळा सेंट-व्हिक्टर रस्त्यावरच्या एका जुन्या, ओल धरलेल्या इमारतीत होती. रात्री सगळे झोपल्यावर, सुट्टीत कूव्रेला गेल्यावर, तो कागदाला टोचत बसे. १८२४ पर्यंत त्याच्या हाती जे आलं त्याची रचना मी जितकी पाहते तितका माझा आदर वाढतो. सहा टिंबं: तीन-तीनच्या दोन उभ्या रांगा. डावीकडे वरून खाली १, २, ३. उजवीकडे ४, ५, ६. सगळी खूण एका बोटाखाली एकदम मावते, बोट हलवावं लागत नाही. सहा टिंबांतून ६३ वेगवेगळ्या खुणा होतात. आणि त्या त्याने वाटेल तशा वाटल्या नाहीत. पहिली दहा अक्षरं फक्त वरच्या चार टिंबांत बसवली. तीच दहा पुन्हा घेऊन प्रत्येकात तीन नंबरचं टिंब घातलं की पुढची दहा. तीन आणि सहा दोन्ही घातली की त्यापुढची. फक्त सहा घातलं की फ्रेंचमधली टोपीवाली, टिंबवाली अक्षरं. म्हणजे मुलाने पहिली दहा पाठ केली की बाकीची जवळजवळ आपोआप येतात. पंधरा वर्षांच्या मुलाने पाठांतराचा भार किती असावा याचाही विचार केला होता, कारण तो भार त्याने स्वतः वाहिला होता.

संगीताचं मला तर फारच कौतुक वाटतं. लुई उत्तम ऑर्गन वाजवायचा. १८३४ पासून सेंट-निकोला-दे-शां चर्चमध्ये, पुढे दुसऱ्या एका चर्चमध्ये तो वादक होता. दहांपैकी शेवटची सात अक्षरं त्याने सात स्वरांना दिली. ही सगळी वरच्या चार टिंबांतली असल्यामुळे खालची दोन टिंबं रिकामी राहतात. ती त्याने स्वर किती वेळ धरायचा हे सांगायला वापरली. एकाच खुणेत वरचा भाग स्वर सांगतो, खालचा भाग काळ. डोळस वादक समोर कागद ठेवून वाजवतो. अंध वादकाचा हात वाचण्यात गुंतला की वाजवायला उरत नाही, म्हणून तो आधी बोटांनी वाचून पाठ करतो आणि मग वाजवतो. पण कुणीतरी शेजारी बसून वाजवून दाखवण्याची वाट त्याला पाहावी लागत नाही. जगभरचे अंध वादक आजही याच पायावरची स्वरलिपी वापरतात.

१८२९ मध्ये त्याचं पुस्तक निघालं. ते छापलं मात्र आउईच्या उठावदार डोळस अक्षरांत, कारण शाळेत छपाई तीच चाले. सुरुवातीला टिंबांबरोबर काही छोट्या रेघाही होत्या. त्या लिहायला आणि ओळखायला अवघड जातात हे मुलांच्या वापरातून कळलं आणि १८३७ च्या सुधारित आवृत्तीत त्या जवळजवळ गेल्या. बार्बिएच्या पद्धतीपेक्षा आपली पद्धत सोयीची का, हे त्याने पुस्तकात स्पष्ट सांगितलं, आणि मूळ कल्पना आपल्याला बार्बिएकडूनच मिळाली हेही तितक्याच स्पष्टपणे लिहिलं. वीस वर्षांच्या मुलाचा हा प्रांजळपणा मला फार मोठा वाटतो. १८३७ मध्येच शाळेने या टिंबांत फ्रान्सचा एक संक्षिप्त इतिहास तीन खंडांत छापला. तेव्हाचे संचालक पिन्ये मुलांच्या बाजूचे होते. सरकारदरबारी मात्र लिपीला मान्यता नव्हती. शाळेची अधिकृत लिपी अजून आउईचीच.

१८४० मध्ये पिन्येंना पायउतार व्हावं लागलं आणि त्यांचे सहायक द्युफो संचालक झाले. द्युफो काही दुष्ट गृहस्थ नव्हते. अंधांच्या प्रश्नावर त्यांनी पुस्तक लिहिलं होतं, त्याचं कौतुकही झालं होतं. त्या पुस्तकात त्यांच्याच शाळेतल्या ब्रेलच्या लिपीचा उल्लेख नाही. त्यांचा आक्षेप आउईचाच, फक्त आता आउईची माया सुटून नुसतं तत्त्व उरलेलं: डोळसांना वाचता न येणारी लिपी अंधांना समाजापासून तोडेल. त्यांनी स्कॉटलंडकडची एक नवी, साध्या वळणाची उठावदार रोमन अक्षरं आणली आणि ब्रेल बंद केली. ब्रेलमधली पुस्तकं जाळल्याचंही सांगतात. आणि हे होत असताना ब्रेल त्याच शाळेत शिक्षक होता. १८३३ पासून पूर्ण पगारी शिक्षक, वर्गात शिकवणारा, आणि आपली लिपी वर्गात शिकवण्याची परवानगी नसलेला.

मग मुलांनी काय केलं? त्यांनी लिहिणं चालू ठेवलं. टोकदार काही मिळेल त्याने, लपून. थोरली मुलं धाकट्यांना शिकवत राहिली. कुणा पुढाऱ्याने सांगितलं म्हणून नव्हे. ज्याने एकदा स्वतःची टिपणं स्वतः काढून स्वतः वाचली, त्याला पुन्हा उठावदार अक्षरं चाचपत बस म्हणणं म्हणजे त्याच्या तोंडातला शब्द काढून घेणं होतं. ब्रेलच्या चरित्रात मला सगळ्यांत हलवून जाते ती ही बिननावाची पोरं. त्यांच्यातल्या एकाचीही तसबीर कुठे लागलेली नाही. लिपी ब्रेलने केली, पण ती टिकवली त्यांनी. अंधांसाठी काय बरं हे ठरवणाऱ्या समितीत ती नव्हती. त्यांनी आपलं मत कागदावर टोचून दिलं.

ही जिद्द पाहूनच द्युफोंचे सहायक ग्वादे वळले असावेत. त्यांनी द्युफोंना समजावलं. १८४३ च्या अखेरीस शाळा त्या कोंदट जागेतून अँव्हालिदच्या रस्त्यावरच्या नव्या इमारतीत गेली. फेब्रुवारी १८४४ मध्ये उद्घाटनाला जमलेल्या पाहुण्यांसमोर ग्वादेंनी ब्रेलच्या लिपीची हकीकत जाहीरपणे सांगितली. सांगितलेला मजकूर एकाने टोचून लिहायचा आणि तो न ऐकलेल्या दुसऱ्याने येऊन वाचायचा, असं प्रात्यक्षिक झालं. बंदी उठली. सरकारी शिक्का बसायला आणखी दहा वर्षं लागायची होती.

आता ज्या गोष्टीमुळे मी मूळची या माणसाकडे वळले ती सांगते. डोळसांचा तो आक्षेप, की ही लिपी आम्हाला वाचता येत नाही, ब्रेलने उडवून लावला नाही. त्याने तो प्रश्न वेगळा केला. अंधाने स्वतःसाठी वाचणं-लिहिणं हा एक प्रश्न. त्यासाठी बोटांची लिपी. अंधाने डोळसाला पत्र लिहिणं हा दुसरा. त्यासाठी १८३९ मध्ये त्याने वेगळीच पद्धत काढली. दहा टिंबांच्या उंचीची एक जाळी, आणि कुठल्या अक्षरासाठी कुठली टिंबं टोचायची याचे आकडे. ते आकडे पाठ असले की अंध माणूस टिंबाटिंबांनी चक्क रोमन अक्षरं काढू शकतो आणि दूर गावातली डोळस आई ती वाचू शकते. ते फार वेळखाऊ होतं, म्हणून पिएर फूको या त्याच शाळेत शिकलेल्या अंध मित्राने १८४१ च्या सुमारास त्यासाठी दहा दांड्यांचं यंत्र बनवलं. टिंबांनी अक्षर उमटवणारं यंत्र, दोन अंध माणसांनी मिळून, टाइपरायटर बाजारात येण्याच्या कितीतरी आधी.

दहावीच्या परीक्षेत ताईचा पेपर मी लिहिला. तिला तासामागे वीस मिनिटं जादा होती. ती सांगत होती, मी लिहीत होते. इतिहासाच्या पेपरला ती एकदा थांबली आणि म्हणाली, "मी सांगितलं ते तसंच लिहिलंस ना?" मी तसंच लिहिलं होतं. पण तिला ते पडताळून पाहता येत नव्हतं. तिची अख्खी वर्षभराची मेहनत माझ्या हस्ताक्षरातून, माझ्या ऱ्हस्व-दीर्घातून तपासनिसापर्यंत जाणार होती. तिला मजकूर येत होता, तिला लिहिताही येत होतं. वाचणाऱ्याला तिची लिपी येत नव्हती, इतकंच. दीडशेहून जास्त वर्षांपूर्वी ब्रेल ज्या जाळीवर डोकं खपवत होता, तो प्रश्न त्या वर्गात आमच्या दोघींच्या मधल्या बाकावर होता. ब्रेल शिकण्याची जबाबदारी नेहमी अंधावर आणि डोळसांची लिपी काढून दाखवण्याची जबाबदारीही अंधावरच, याचं मला तेव्हापासून वाईट वाटतं.

क्षय त्याला पंचविशीनंतर लवकरच जडला. त्या ओलसर इमारतीने किती पोरांची छाती पोखरली असेल कोण जाणे. तो मधूनमधून कूव्रेला जाऊन हवापालट करी, परत येऊन शिकवी. ६ जानेवारी १८५२ ला तो गेला, त्रेचाळीस वर्षं पूर्ण होऊन दोन दिवस झाले होते. न उघडता जाळून टाका, असं सांगून त्याने एक छोटी पेटी मागे ठेवली होती. मित्रांनी ती उघडली, तर आत विद्यार्थ्यांना उसने दिलेल्या पैशांच्या चिठ्ठ्या होत्या, असं त्याचे चरित्रकार सांगतात. १८५४ मध्ये शाळेने ब्रेल अधिकृतपणे स्वीकारली. १८७८ मध्ये पॅरिसला भरलेल्या आंतरराष्ट्रीय परिषदेने तिची शिफारस केली.

पुढचा इतिहास झटकन सांगते, कारण त्यात तेच पुन्हा पुन्हा घडलं. इंग्लंडात आणि अमेरिकेत वेगवेगळ्या उठावदार लिप्यांचे आणि वेगवेगळ्या टिंबांचे पुरस्कर्ते एकमेकांशी भांडत राहिले. अमेरिका आणि इंग्लंडला इंग्रजी ब्रेलचा एक मसुदा मान्य करायला १९३२ उजाडलं. आपल्याकडेही मिशनऱ्यांनी आणि शाळांनी प्रांतोप्रांती आपापल्या सोयीने टिंबं बसवली होती. मुंबईत ॲना मिलर्ड यांनी १९०० साली अंध मुलांसाठी शाळा काढली, ताडदेवची व्हिक्टोरिया मेमोरियल १९०२ ची. मराठी शिकलेल्या अंध मुलाला दुसऱ्या प्रांतातली ब्रेल वाचता येईलच असं नव्हतं. १९५१ मध्ये भारती ब्रेल ठरली. भारतातल्या भाषांच्या लिप्या डोळ्यांना कितीही वेगळ्या दिसोत, क साठी खूण एकच: १ आणि ३. मराठीचा क, तमिळचा क, बंगालीचा क, बोटाला सगळे सारखे. डोळसांना जे जमलं नाही ते बोटांनी करून टाकलं.

ताईने मला 'मराठी' लिहून दाखवलं होतं. म, मग र, मग स्वतंत्र खूण म्हणून आ, मग ठ, मग ई. काना आणि वेलांटी अक्षराला चिकटत नाहीत, पाठोपाठ रांगेत येतात. तिने ते उजवीकडून डावीकडे टोचलं, कारण टिंबं कागदाच्या मागच्या बाजूला उठतात आणि वाचताना कागद उलटायचा असतो. त्यातला ठ म्हणजे २, ४, ५, ६. ब्रेलच्या तक्त्यात ही खूण चौथ्या ओळीच्या अगदी शेवटी येते. तिथे ती डब्ल्यूला दिलेली आहे, जो फ्रेंचला क्वचितच लागतो म्हणून मुख्य क्रमात नव्हता. फ्रेंचच्या अडगळीतल्या त्या घरात आपला ठ येऊन बसला आहे.

ताई आता बँकेत आहे. तिचा फोन बोलतो, संगणक बोलतो, पुस्तकं ती बहुतेक ऐकते. नवी अंध मुलं ब्रेल शिकायचा कंटाळा करतात, शाळाही आग्रह धरत नाहीत, आणि यावर ती चिडते. "ऐकून गोष्ट कळते गं," ती म्हणते, "पण 'पाणी'तला ण कुठला आणि 'मन'मधला न कुठला, वाक्य कुठे मोडलं, परिच्छेद कुठे पडला, हे कानाला कोण सांगणार? पोरं ऐकीव होत चालली आहेत, साक्षर नाही." डोळस मुलांना सगळं ऐकायलाच द्या, लिहा-वाचायला शिकवू नका, असं कुणी म्हणालं तर आपण ते चालवून घेऊ का, हा तिचा प्रश्न मला बिनतोड वाटतो. पुन्हा एकदा डोळसांच्या सोयीने अंधांसाठी काय पुरे आहे हे ठरतंय. फक्त या वेळी ते तंत्रज्ञानाच्या नावाने होतंय, आणि बंदी न घालता होतंय.

युरोपात २००४ च्या नियमानंतर औषधांच्या खोक्यांवर औषधाचं नाव ब्रेलमध्ये असावं लागतं. ताईच्या रक्तदाबाच्या आणि थायरॉइडच्या गोळ्यांच्या पाकिटांवर ती ओळ नसते. दुकानदार नाव वाचून सांगतो, घरी आल्यावर ती जाड कागदाची पट्टी कापते, टिंबांच्या घरांच्या चौकटीत, म्हणजे स्लेटमध्ये घालते, दोन्ही नावं टोकदार स्टायलसने टोचते आणि रबर लावून पाकिटांना अडकवते. दर महिन्याला, नवीन पाकिटं आली की.